दुय्यम भूमिकांचे धनी : डेव्हिड अब्राहम चेऊलकर

इतिहास लिहिणाऱ्याची दृष्टी स्वभावतःच सिंहासनाकडे वळते. मोहीम सेनापतीच्या नावाने ओळखली जाते, वाडा तो बांधविणाऱ्याच्या नावाने, आणि बोलपट त्यातील नायक-नायिकांच्या नावाने. मोहिमेत दाणागोटा कोणी पुरविला, वाड्याच्या तुळया कोणी चढविल्या, आणि नायकाला नायकपण देणारी जी चार माणसे भोवती उभी असतात ती कोण होती, याची नोंद ठेवण्याचे अगत्य सहसा कोणास वाटत नाही. आपल्या चित्रपटसृष्टीचा वृत्तान्तही याच रीतीने लिहिला गेला आहे. दादासाहेब फाळके, बाबूराव पेंटर, शांताराम यांची चरित्रे आपण आवडीने वाचतो, आणि ते योग्यच आहे. परंतु पडद्यावर ज्यांचा चेहरा आपण शंभर वेळा पाहिला, त्यांचे गाव कोणते आणि घरची भाषा कोणती, हे विचारले असता आपण गप्प होतो.

आम्ही ज्या ठिकाणी बसून हे लिहीत आहोत ती बंगळूरच्या आग्नेय अंगाची एचएसआर लेआउट ही वसाहत. होसूर आणि सर्जापूर या दोन गावांकडे जाणाऱ्या रस्त्यांची आद्याक्षरे घेऊन तिला हे नाव पडले. एकीकडे आगराचे तळे, दुसरीकडे अंक घातलेले सेक्टर, आणि त्यांत देशाच्या प्रत्येक प्रांतातून आलेली कुटुंबे, असे तिचे स्वरूप आहे. सरकारी नोकरीच्या निमित्ताने येथे आलेल्या मराठी मंडळींस सुटीच्या दिवशी पाहुण्यांना घेऊन रामनगरचे खडक दाखविण्याची हौस असते. बंगळूरपासून सुमारे पन्नास किलोमीटरांवरील त्या खडकांत १९७५ साली प्रदर्शित झालेल्या 'शोले'चे चित्रण झाले होते. तेथे गेल्यावर मंडळी बोलतात ती मात्र धर्मेंद्र-अमिताभांविषयी नव्हे, निदान तेवढ्यांविषयी नव्हे. सांबा कोठे बसला होता आणि कालिया कोठे उभा होता, हे आधी विचारले जाते. कालियाची ती काही मिनिटांची भूमिका करणारे विजू खोटे हे मराठी, मूकपटांच्या काळातील नट नंदू खोटे यांचे चिरंजीव. म्हणजे लोकांच्या स्मरणात दुय्यम नटास जागा असते. ती नसते इतिहासाच्या पानांत.

अशा नटांपैकी एकाचे चरित्र आज वाचकांपुढे ठेवावे असे आम्हांस वाटते. हिंदी बोलपटांच्या श्रेयनामावलीत त्यांचे नाव एकाच शब्दात येत असे : डेव्हिड. ठेंगणी मूर्ती, गुळगुळीत टक्कल, मिस्कील डोळे आणि आपुलकीने भरलेला आवाज एवढे सांगितले तरी वाचकांच्या डोळ्यांपुढे ते उभे राहतील. ते गोव्याकडील ख्रिस्ती गृहस्थ असावेत, असे समजणारे आम्हांस पुष्कळ भेटले, आणि त्यांत मराठी मंडळीच अधिक होती. वास्तविक त्यांचे पूर्ण नाव डेव्हिड अब्राहम चेऊलकर. पडद्यावर जागा एका शब्दापुरतीच मिळाली, आणि 'चेऊलकर' हा शब्द गळून पडला. त्या शब्दाबरोबर एक मराठी माणूसही आपल्या हिशेबातून गळला, हे आमचे म्हणणे आहे.

चेऊल अथवा चौल हे अलिबागेनजीकचे प्राचीन बंदर. कोकणच्या या किनाऱ्यावर बेने इस्राएल या नावाने ओळखला जाणारा ज्यू समाज शतकानुशतके राहिला. त्यांच्या परंपरेनुसार फार पूर्वी एक गलबत नौगावजवळ फुटले, त्यातून सात जोडपी वाचली, आणि तीच या समाजाची मूळ पुरुष-स्त्रिया होत. ही कथा इतिहासाच्या कसोटीस कितपत उतरते हा निराळा प्रश्न. परंतु हा समाज तेल गाळण्याचा धंदा करी आणि शनिवारी घाणा बंद ठेवी, म्हणून शेजारी त्यांस 'शनिवार तेली' म्हणत, हे प्रसिद्धच आहे. ज्या गावात राहिले त्या गावाच्या नावास 'कर' जोडून त्यांनी आडनावे घेतली, आणि मराठी हीच घरची भाषा केली. प्रार्थना हिब्रूत आणि भांडण मराठीत, असा त्यांचा संसार. आपल्या धर्मकथांवर त्यांनी मराठीत कीर्तनेही रचली. पुढे इंग्रजी अमदानीत पलटणीत, कचेऱ्यांत व रेल्वेत नोकऱ्या धरून ते मुंबई, ठाणे, पुणे येथे स्थायिक झाले. ठाण्यातील त्यांचे प्रार्थनामंदिर १८७९ सालचे. त्याच ठाण्यात, विसाव्या शतकाच्या पहिल्या दशकात, डेव्हिड यांचा जन्म झाला.

मुंबई विद्यापीठाची पदवी घेऊन त्यांनी कायद्याचाही अभ्यास पुरा केला. परंतु ते दिवस जागतिक मंदीचे. पदवीधरांच्या रांगा कचेऱ्यांच्या दारात उभ्या असत, आणि वकिलीच्या सनदेने पोट भरेलच अशी खात्री नव्हती. १९३७ साली मोहन भवनानी यांच्या 'झांबो' या बोलपटात त्यांनी प्रथम काम केले. ज्यू माणसाने सिनेमात शिरणे तेव्हा नवलाचे नव्हते. १९३१ साली आर्देशीर इराणी यांनी काढलेल्या 'आलम आरा' या पहिल्या हिंदी बोलपटाचे कथानक जोसेफ डेव्हिड पेणकर यांच्या नाटकावर आधारलेले होते, आणि हे पेणकरही बेने इस्राएलच. घरंदाज हिंदू-मुसलमान स्त्रिया कॅमेऱ्यापुढे येण्यास कचरत त्या काळात सुलोचना ऊर्फ रूबी मायर्स व प्रमिला ऊर्फ एस्थर अब्राहम यांसारख्या ज्यू समाजातील नट्यांनी पडदा गाजविला. मात्र त्यांस नायिका होता आले. डेव्हिड यांच्या अंगलटीस नायकाचा अंगरखा बसणारा नव्हता, हे त्यांनी व निर्मात्यांनीही आरंभीच ओळखले असावे.

१९४१ साली बॉम्बे टॉकीजच्या 'नया संसार'मध्ये ते दिसले. तो काळ मासिक पगारावर नट पोसणाऱ्या कंपन्यांचा होता. नायक असो वा द्वारपाल, सर्वांनी ठरल्या वेळी स्टुडिओत हजर व्हावे आणि महिनाअखेर पगार घ्यावा, अशी ती व्यवस्था होती. दुसऱ्या महायुद्धात व त्यानंतर ती मोडकळीस आली. युद्धकाळातील पैसा नव्या निर्मात्यांच्या हाती खेळू लागला, नायक-नायिकांचे मोल वाढत गेले, आणि दुय्यम नट एका चित्रापुरता करार करून एकाच वेळी चार ठिकाणी धावू लागला. त्याचा दिवस नायकाच्या सवडीवर ठरे. नायक आला नाही तर चित्रण रद्द, आणि आला तर रात्र झाली तरी थांबणे भाग. ज्याच्या नावावर तिकीट खपत नाही अशा माणसास या व्यवहारात टिकून राहावयाचे तर वक्तशीरपणा, पाठांतर आणि सर्वांशी सलोखा ही तीनच हत्यारे असतात. डेव्हिड चाळीसहून अधिक वर्षे टिकले, शंभराहून अधिक बोलपटांत दिसले. यावरून ती त्यांनी किती निगुतीने वापरली असतील याची कल्पना यावी.

१९५४ साली राज कपूर यांनी निर्मिलेला व प्रकाश अरोरा यांनी दिग्दर्शिलेला 'बूट पॉलिश' प्रदर्शित झाला. भोला आणि बेलू ही दोन अनाथ भावंडे. त्यांना भीक मागावयास लावणारी चुलती. आणि झोपडपट्टीत चोरटी दारू विकून जगणारा जॉन चाचा. भीक मागू नका, हाताने काम करून खा, हे या पोरांना सांगणारा माणूस स्वतः मात्र कायद्याच्या चुकीच्या बाजूला उभा आहे. उपदेश करण्याचा अधिकार त्याला नाही आणि तरीही तो उपदेश खरा आहे, हा या भूमिकेतील पेच. डेव्हिड यांनी तो कोठेही डोळ्यांत पाणी आणून सोडविला नाही. जॉन चाचा आपल्या दुबळेपणाची लाज लपवीत नाही, म्हणूनच मुलांना त्याचे म्हणणे पटते. तुरुंगात टक्कल पडलेल्या कैद्यांसह त्याने म्हटलेले शास्त्रीय ढंगाचे विनोदी गाणे, आणि मुलांना भोवती घेऊन म्हटलेले दुसरे, ही दोन्ही आजही रेडिओवर लागतात. बेलूचे काम करणाऱ्या बेबी नाझ हिचा १९५५ च्या कान महोत्सवात विशेष गौरव झाला.

त्याच वर्षी आणखी एक गोष्ट घडली. फिल्मफेअर पारितोषिकांचा पहिला समारंभ २१ मार्च १९५४ रोजी मुंबईच्या मेट्रो चित्रपटगृहात झाला होता, आणि त्यात पाचच पारितोषिके होती : चित्र, दिग्दर्शक, नट, नटी आणि संगीतकार. दुय्यम नटांचे नावही त्यात नव्हते. १९५५ सालच्या दुसऱ्या समारंभापासून सहायक नट व सहायक नटी अशी दोन पारितोषिके वाढविण्यात आली. पहिले डेव्हिड यांस 'बूट पॉलिश'बद्दल मिळाले, आणि दुसरे उषा किरण यांस 'बादबान'बद्दल. माहेरच्या त्या उषा मराठे. म्हणजे हिंदी चित्रपटसृष्टीने दुय्यम भूमिकेस प्रथम मान दिला तेव्हा तो घेण्यास जी दोन माणसे उठली त्या दोघांचीही मायबोली मराठी होती. आपल्याकडे विक्रमांच्या याद्या करण्याची हौस थोडी नाही; पण या योगायोगाची नोंद आम्ही क्वचितच पाहिली आहे.

दुय्यम नटाची ही उपेक्षा केवळ आपल्याकडची नव्हे. हॉलिवुडच्या अकादमीने सहायक नटांस पारितोषिक देणे १९३७ च्या समारंभापासून सुरू केले. आणि तेव्हाही मुख्य नटांच्या हाती सोन्याची मूर्ती, तर सहायकांच्या हाती नुसता फलक, असा भेद काही वर्षे चालला. मेक्सिकोची गोष्ट किंचित निराळी. १९३० ते १९५० च्या दशकांत तेथील बोलपटांस सुवर्णकाळ लाभला. त्या काळच्या सारा गार्सिया यांनी ऐन चाळिशीत म्हाताऱ्या बायकांच्या भूमिका पत्करल्या आणि त्या साऱ्या देशाची आजी होऊन बसल्या. होआकिन पार्दावे हेही असेच चरित्रनट. परंतु १९४२ साली 'एल बाइसानो हालिल' या बोलपटात याच दोघांनी मेक्सिकोत स्थायिक झालेल्या लेबनानी व्यापारी दांपत्याची कामे केली, आणि चित्राच्या केंद्रस्थानी तेच होते. परदेशातून आलेल्या, अडखळत भाषा बोलणाऱ्या समाजाची कथा सांगावयास तेथे दुय्यम नटच पुढे सरसावले. आपल्याकडे डेव्हिड यांच्या वाट्यास तशी संधी आली नाही. त्यांच्या स्वतःच्या समाजाची कथा सांगणारा आणि त्यांना मध्यभागी उभा करणारा बोलपट कोणी काढला नाही.

मराठी माणसे हिंदी पडद्यावर दुय्यम भूमिकांत इतकी का दिसतात, याचाही येथे विचार करणे अवश्य आहे. ललिता पवार आरंभी नायिका होत्या. १९४२ च्या सुमारास एका चित्रणात बसलेल्या थपडेने त्यांचा डावा डोळा कायमचा अधू झाला. त्यांनी खाष्ट सासूच्या भूमिका स्वीकारल्या आणि १९५९ च्या 'अनाडी'तील मिसेस डीसा या ख्रिस्ती घरमालकिणीबद्दल सहायक नटीचे पारितोषिक मिळविले. धारवाडात जन्मलेल्या लीला चिटणीस नायिकापदावरून उतरून आईच्या भूमिकांत स्थिरावल्या. नाना पळशीकरांची गोष्टही दुय्यम भूमिकांचीच. आमच्या मते याचे एक कारण आपल्या रंगभूमीत आहे. नाटक कंपनीत वाढलेल्या नटास छोट्या भूमिकेची लाज वाटत नसे. आज राजा झालेला उद्या भालदार होई. दुसरे कारण भाषेचे. हिंदी बोलपटाच्या नायकास उर्दूची जी मिठ्ठास हवी असे ती मराठी जिभेला सहज साधत नसे. पण आई, डॉक्टर, कारकून, शेजारी यांस आपापल्या उच्चारानिशी बोलण्याची मुभा होती. परमुलखात आलेल्या माणसाच्या भाषेस लोक हसतात खरे, पण तो उपयोगी पडू लागला की त्याचा तोच उच्चार आवडीचा होतो.

डेव्हिड यांच्या उत्तरायुष्यातील भूमिका एकत्र ठेवून पाहिल्या असता आम्हांस त्यांत एक सूत्र दिसते. १९७३ च्या 'अभिमान'मध्ये ते गाण्याचे जाणकार ब्रजेश्वरलाल आहेत. नवविवाहित जोडप्याचे गाणे ऐकून, बायको नवऱ्याहून सरस आहे आणि हे पुढे जड जाईल, असे भाकीत तेच करतात. पुढील सारी कथा त्या एका शंकेचा विस्तार आहे. १९७५ च्या 'चुपके चुपके'मध्ये शुद्ध हिंदी बोलणारा ड्रायव्हर धाडून देणारे हरिपद भैया तेच. १९७९ च्या 'गोलमाल'मध्ये भवानीशंकरांपुढे कोणत्या वेषात व कोणत्या थाटात जावे हे रामप्रसादास शिकविणारे डॉक्टर केदार तेच. मिशीचा सारा घोटाळा त्या सल्ल्यातून उपजतो. त्याच वर्षीच्या 'बातों बातों में'मध्ये लोकलगाडीत टोनी व नॅन्सी यांची गाठ घालून देणारे अंकल टॉमही तेच. हृषीकेश मुखर्जी काय किंवा बासू चटर्जी काय, दोघांनीही त्यांच्याकडून एकच काम घेतले : कथेच्या चाकास पहिला धक्का देऊन बाजूस व्हावयाचे. नायकाने पळावे, नायिकेने रडावे, खलनायकाने डाव टाकावा. पण हे सर्व सुरू करून देणारा माणूस असा हवा की ज्याच्या हेतूविषयी प्रेक्षकास क्षणभरही शंका येऊ नये. तो विश्वास डेव्हिड यांच्या चेहऱ्यावर होता. तो एका चित्राने येत नाही. 'बूट पॉलिश'पासून पंचवीस वर्षे जमविलेली ती पुंजी होती.

यावर कोणी म्हणेल, की मग त्यांस सतत जॉन, मोझेस आणि टॉमच का व्हावे लागले? आक्षेप खोटा नाही. १९६६ च्या 'अनुपमा'त ते मोझेस, १९७८ च्या 'खट्टा मीठा'त पारशी वस्तीतले एक, आणि इतरत्र 'अंकल' ठरलेलेच. अल्पसंख्य समाजाचा माणूस प्रेमळ, विनोदी आणि बिनलग्नाचा म्हातारा असला म्हणजे बहुसंख्य प्रेक्षक निश्चिंत होतो. त्याच्याविषयी अधिक जाणून घ्यावे लागत नाही. हिंदी सिनेमाने हा सोपा मार्ग वारंवार पत्करला, आणि डेव्हिड त्याच वाटेवर उभे राहिले. परंतु 'अभिमान'चे ब्रजेश्वरलाल, 'गोलमाल'चे केदार आणि १९८० च्या 'खूबसूरत'मधील दोन मुलींचे वडील ही माणसे हिंदू घरांतील आहेत, आणि तेथेही ते तितकेच घरचे वाटतात. ज्यू घरात जन्मलेला माणूस ख्रिस्ती, पारशी आणि हिंदू या तिन्ही घरांत सारख्याच सहजतेने वावरतो, ही कसब कोकणातल्या त्या शेजारधर्माने त्यांस दिली असावी. शनिवार पाळणाऱ्या तेल्याचे तेल साऱ्या गावाच्या दिव्यांत जळत होते.

डेव्हिड पडद्यावर सर्वांचे चाचा होत होते त्याच काळात त्यांचा समाज मात्र महाराष्ट्रातून उठून चालला होता. स्वातंत्र्याच्या सुमारास भारतात बेने इस्राएलांची संख्या सुमारे वीस हजार होती. १९४८ साली इस्राएलची स्थापना झाली आणि कुटुंबांमागून कुटुंबे बोटीवर चढली. तेथे गेल्यावर, हे लोक खरे ज्यू आहेत काय, असा प्रश्न धर्मपीठाने विवाहांच्या निमित्ताने उपस्थित केला. जेरुसलेममध्ये धरणे धरावे लागले, आणि १९६४ साली तेथील संसदेने ठराव केल्यावर तो प्रश्न मिटला. कोकणात ज्यांस कोणी ज्यूपणाचा दाखला मागितला नाही, त्यांस तो ज्यूंच्याच देशात द्यावा लागला, हा इतिहासाचा विचित्र न्याय होय. तरीही त्यांनी मराठी सोडली नाही. इस्राएलमध्ये 'मायबोली' नावाचे मराठी नियतकालिक त्यांनी चालविले. परप्रांतात निघणाऱ्या मराठी मासिकाच्या वाचकांस त्या नावामागील ओढ समजावून सांगण्याची गरज नाही.

डेव्हिड येथेच राहिले. फिल्मफेअरच्या समारंभांचे सूत्रसंचालन त्यांनी वर्षानुवर्षे केले. दुसऱ्यांची नावे पुकारून त्यांस व्यासपीठावर बोलाविणे, हेही एका परीने दुय्यम नटाचेच काम. १९६९ साली भारत सरकारने त्यांस पद्मश्री दिली. आयुष्याच्या अखेरीस ते कॅनडात आप्तांकडे गेले आणि १९८१-८२ च्या हिवाळ्यात टोरंटो येथे वारले. महाराष्ट्र सरकारने ज्यू समाजास अल्पसंख्याक म्हणून अधिकृत मान्यता दिली ती २०१६ साली. तोवर राज्यात त्यांची वस्ती थोड्या हजारांवर आली होती.

आमच्या वाचकांत बहुतेक जण बदलीच्या नोकरीतले आहेत. एका जिल्ह्यात तळ्याचे काम सुरू करावे आणि पाणी चढण्यापूर्वी दुसऱ्या जिल्ह्याचा हुकूम यावा, टिपण आपण लिहावे आणि कोनशिलेवर नाव दुसऱ्याचे कोरले जावे, हा त्यांचा नित्याचा अनुभव. त्यांस आम्ही डेव्हिड यांचे चरित्र सांत्वन म्हणून सांगत नाही. दुय्यम भूमिकेत सुख मानावे असा उपदेशही आम्हांस करावयाचा नाही. डावललेल्या माणसास तो फार स्वस्तात करता येतो. सांगावयाचे एवढेच, की चाकास धक्का देणाऱ्याचे काम हे खरे काम आहे, त्याला त्याचे कसब लागते, आणि त्याची नोंद ठेवणे हे मागाहून येणाऱ्यांचे कर्तव्य आहे.

मराठी नट कोणाला म्हणावे, याची आपली व्याख्या आजवर मराठी बोलपट आणि मराठी रंगभूमी यांच्या कुंपणात राहिली. ठाण्यात जन्मलेला, चेऊलचे नाव मिरविणारा आणि मायमराठीत वाढलेला माणूस त्या कुंपणाबाहेर का राहावा, याचे उत्तर आम्हांस सुचत नाही. एचएसआर लेआउटसारख्या वसाहतींत मराठी मंडळी अधूनमधून जुने बोलपट दाखवितात. 'गोलमाल'ला तर लहान मुलेही जागची हलत नाहीत. अशा खेळाची पत्रिका काढणाऱ्यांस आमची एक विनंती आहे. नटांच्या यादीत नुसते 'डेव्हिड' न छापता 'डेव्हिड अब्राहम चेऊलकर' असे पूर्ण नाव छापावे. दोन शब्दांची शाई अधिक लागेल, आणि जुने देणे थोडेसे फिटेल.